पासोडी आणि रंगीत फीत

अंबाजोगाईस येणारा जिज्ञासू योगेश्वरीचे दर्शन घेतो, मुकुंदराजांच्या समाधीस जातो आणि पुष्कळदा दासोपंतांच्या पासोडीची चौकशी करतो. दासोपंतांनी (1551–1615) सुमारे 40 फूट लांबीच्या कापडावर ‘पंचीकरण’ लिहून ठेवले. ते कापड चार शतके टिकले, याचे श्रेय त्याच्या विणीपेक्षा ते पिढ्यान्‌पिढ्या जपणाऱ्या हातांना अधिक द्यावे लागेल, असे आम्हांस वाटते.

चित्रफितींच्या नशिबी असे हात क्वचितच आले. 12 डिसेंबर 1911 रोजी दिल्लीस पंचम जॉर्ज बादशहांचा दरबार भरला. चार्ल्स अर्बन यांनी त्या सोहळ्याचे ‘किनेमाकलर’ पद्धतीने रंगीत चित्रण करविले. 2 फेब्रुवारी 1912 पासून लंडनच्या स्काला नाट्यगृहात ते दाखविले जाऊ लागले, आणि लोकांनी ते डोळे भरून पाहिले. पुढे त्याचा बहुतेक भाग नाहीसा झाला. 2000 साली रशियातील क्रास्नोगोर्स्क येथे त्यातील सैन्यसंचलनाचा भाग हाती लागला.

येथे एक मौजेची गोष्ट ध्यानी घ्यावयास हवी. किनेमाकलरची फीत हाती धरली तर काळीपांढरीच दिसते. चित्रण करताना तांबड्या व हिरव्या काचांची चकती फिरत असे. एक चित्र तांबड्या काचेतून, दुसरे हिरवीतून, अशी सेकंदाला सुमारे 32 चित्रे उमटत. दाखविताना तशीच चकती फिरली म्हणजे पाहणाऱ्याच्या डोळ्यांत रंग जुळून येत. म्हणजे रंग फितीत नव्हे, तर दोन करड्या चित्रांमधील फरकात दडलेला असे. ज्याला हे ठाऊक नाही, त्याच्या हाती ती फीत सुखरूप असूनही तिचे रंग मात्र गेलेलेच. मोडी वाचणारा उरला नाही की घरचे दप्तर रद्दीत जाते, त्यातलाच हा प्रकार! आता संगणकाच्या साह्याने ती चित्रे जोडीजोडीने एकत्र करून रंग पुन्हा पाहता येतात.

रंगाची हौस मराठी मुलखातही जुनीच. प्रभातने 1933 साली ‘सैरंध्री’ रंगीत केला आणि त्याच्या रंगीत प्रतींसाठी जर्मनी गाठली. रंग मात्र मनाजोगे उतरले नाहीत. पुण्यास राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय निघावयास 1964 साल उजाडले. पण सारा भार संस्थांवर टाकून कसे चालेल? ज्यांच्या माळ्यावर एखाद्या लग्नकार्याची वा यात्रेची जुनी फीत पडून असेल, त्यांनी ती उन्हापासून व दमटपणापासून दूर ठेवावी, आणि तीत कोण आहे, ती कधीची, कोणत्या यंत्रावर चाले, हे घरातील वडीलधाऱ्यांना विचारून डब्यात लिहून ठेवावे. वस्तूबरोबर ती वाचण्याची विद्याही पुढील पिढीच्या हवाली केली, तरच जपणूक पुरी झाली.