अँजेला लॅन्सबरी : हॉलिवूडने पस्तिशीतच 'आई' ठरवलेली अभिनेत्री नव्वदीपर्यंत कामात कशी राहिली?

'गॅसलाइटिंग' हा शब्द गेली काही वर्षं सोशल मीडियावर सर्रास दिसतो. समोरच्याला सतत खोटं सांगत राहायचं, इतकं की त्याचा स्वतःच्या डोळ्यांवर आणि डोक्यावरचाच विश्वास उडावा, असा त्याचा अर्थ. हा शब्द आला १९३८ सालच्या एका ब्रिटिश नाटकावरून आणि जगभर पोहोचला तो त्यावर बेतलेल्या १९४४ सालच्या 'गॅसलाइट' या हॉलिवूडपटामुळे. मेरियम-वेबस्टर या अमेरिकी शब्दकोशाने २०२२ मध्ये त्याला वर्षाचा शब्द म्हणून निवडलं. त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये, या चित्रपटात उद्धट मोलकरीण झालेल्या अभिनेत्रीचं निधन झालं. अँजेला लॅन्सबरी. 'गॅसलाइट' हा त्यांचा पहिला चित्रपट होता.

पहिल्या चित्रपटापासून शेवटच्या भूमिकेपर्यंत जवळजवळ ७८ वर्षं. पण ही कारकीर्द सरळ चढत गेलेली नाही. विशीत दोनदा ऑस्करचं नामांकन, तिशीत पडेल त्या भूमिका, चाळिशीत ब्रॉडवेची राणी आणि साठीच्या उंबरठ्यावर टीव्हीवरची सर्वात ओळखीची बाई, असा तो प्रवास आहे. आणि त्यात एक गोष्ट पुन्हापुन्हा येते: वय.

सुरुवात कुठून झाली?

अँजेला यांचा जन्म १६ ऑक्टोबर १९२५ रोजी लंडनमध्ये झाला. आई मॉयना मॅकगिल ही उत्तर आयर्लंडमधल्या बेलफास्टची नाट्य-अभिनेत्री. वडील लाकडाचे व्यापारी आणि डाव्या राजकारणात सक्रिय. आजोबा जॉर्ज लॅन्सबरी हे १९३०च्या दशकात ब्रिटनच्या मजूर पक्षाचे नेते होते. भारताच्या स्वातंत्र्याला उघड पाठिंबा देणाऱ्या मोजक्या ब्रिटिश नेत्यांपैकी ते एक.

अँजेला नऊ वर्षांच्या असताना वडील कर्करोगाने गेले. दुसरं महायुद्ध सुरू झालं, लंडनवर बॉम्ब पडायची भीती निर्माण झाली आणि १९४० मध्ये आई तिला आणि जुळ्या भावांना घेऊन बोटीने अमेरिकेला निघाली. न्यूयॉर्कमध्ये अँजेला यांनी नाट्यशिक्षण घेतलं. पहिलं व्यावसायिक काम मिळालं ते कॅनडातल्या मॉन्ट्रियलच्या एका नाइटक्लबमध्ये, गाणी म्हणण्याचं. तेव्हा त्या १६ वर्षांच्या होत्या, पण काम मिळावं म्हणून त्यांनी वय १९ सांगितलं. वयापेक्षा मोठं दिसण्याची ही पहिली वेळ. पुढे मात्र ते त्यांच्या इच्छेने होणार नव्हतं.

कुटुंब लॉस एंजेलिसला गेलं. तिथे आई आणि मुलगी एका मोठ्या दुकानात काम करू लागल्या. अशातच 'गॅसलाइट'साठी ऑडिशन झाली, दिग्दर्शक जॉर्ज क्यूकर यांना ही मुलगी आवडली आणि एमजीएम या त्या काळातल्या बलाढ्य स्टुडिओने त्यांना करारावर घेतलं. पगार आठवड्याला ५०० डॉलर. चित्रीकरण सुरू झालं तेव्हा अँजेला अल्पवयीन होत्या. इन्ग्रिड बर्गमन यांच्यासमोर मुद्दाम सिगारेट पेटवण्याचा प्रसंग होता, तो चित्रित करण्यासाठी त्यांचा अठरावा वाढदिवस होईपर्यंत थांबावं लागलं.

या पहिल्याच कामासाठी त्यांना सहायक अभिनेत्रीच्या ऑस्करचं नामांकन मिळालं. पुढच्याच वर्षी आलेल्या 'द पिक्चर ऑफ डोरियन ग्रे'साठी दुसरं नामांकन. यात त्या गाणारी नटी होत्या आणि गाणं त्यांनी स्वतः म्हटलं होतं.

मग हॉलिवूडमध्ये गाडी अडली कुठे?

एमजीएमकडे सुंदर नायिकांची कमी नव्हती. उंच, गोल चेहऱ्याच्या आणि वयापेक्षा प्रौढ दिसणाऱ्या या मुलीचं काय करायचं, हे स्टुडिओला कळेना. म्हणून तिला द्यायचं काय, तर दुसरी बाई, सवत, कटकटी नातेवाईक, खाष्ट श्रीमंत स्त्री. १९४६ च्या 'द हार्वी गर्ल्स' या संगीतपटात तर त्यांच्या तोंडी गाणं होतं, पण आवाज दुसऱ्याच गायिकेचा घेतला. ज्या बाईने पुढे ब्रॉडवेवर संगीत नाटकांसाठी चार टोनी पुरस्कार मिळवले, तिचा आवाज एका संगीतपटाला चालला नाही. १९४८ च्या 'स्टेट ऑफ द युनियन'मध्ये २२ वर्षांच्या अँजेला मध्यमवयीन वृत्तपत्र-मालकीण झाल्या.

पस्तिशीनंतर तर हा खाक्याच पडला. खाली दिलेली वयं पाहिली की विश्वास बसत नाही.

१९६० मध्ये ब्रॉडवेवरच्या 'अ टेस्ट ऑफ हनी' या नाटकात त्या जोन प्लोराइटची आई झाल्या. दोघींच्या वयात अंतर चार वर्षांचं. १९६१ मध्ये 'ब्लू हवाई'त एल्विस प्रेस्लीची आई. एल्विस २६ वर्षांचा, अँजेला ३५ वर्षांच्या. आणि १९६२ मध्ये 'द मंचुरियन कँडिडेट'मध्ये लॉरेन्स हार्वीची आई. हार्वी त्यांच्याहून जेमतेम तीन वर्षांनी लहान होता!

हा शेवटचा चित्रपट मात्र वेगळा. शीतयुद्धाच्या काळातली ही कथा. सत्तेसाठी पोटच्या मुलाचा हत्यार म्हणून वापर करणारी आई त्यांनी इतकी थंडपणे उभी केली की आजही पडद्यावरच्या गाजलेल्या खलनायिकांमध्ये तिचं नाव घेतलं जातं. तिसरं ऑस्कर नामांकन याच भूमिकेसाठी. चित्रपटाचा नायक फ्रँक सिनात्रा याला या भूमिकेसाठी आधी ल्युसिल बॉल हवी होती. हे नाव लक्षात ठेवा, पुढे येणार आहे.

ब्रॉडवेने काय वेगळं केलं?

ब्रॉडवे म्हणजे न्यूयॉर्कमधला व्यावसायिक नाटकांचा भाग. तिथलं 'म्युझिकल' म्हणजे संगीत नाटकच, पण गाण्यासोबत नाचही आला आणि आठवड्याला साधारण आठ प्रयोग. गळा, पाय आणि दम, तिन्हींची परीक्षा.

१९६४ मध्ये अँजेला यांनी पहिलं म्युझिकल केलं, 'एनीवन कॅन व्हिसल'. संगीतकार होते तरुण स्टीफन सॉन्डहाइम. नाटक नऊ प्रयोगांत बंद पडलं. दुसरी कुणी असती तर तिथेच थांबली असती. पण दोन वर्षांनी 'मेम' आलं.

मेम ही न्यूयॉर्कची श्रीमंत, हौशी, मनस्वी बाई. अनाथ भाच्याची जबाबदारी अचानक तिच्यावर येते आणि ती त्याला आपल्या पद्धतीने वाढवते. निर्मात्यांच्या मनात आधी मोठी नावं होती. अँजेला यांना भूमिकेसाठी एकापेक्षा जास्त वेळा ऑडिशन द्यावी लागली. २४ मे १९६६ रोजी पडदा उघडला तेव्हा त्या ४० वर्षांच्या होत्या. ज्या वयात हॉलिवूडमध्ये नायिकांना निरोप मिळायचा, त्या वयात त्या पहिल्यांदा स्टार झाल्या. पहिला टोनी पुरस्कार मिळाला. (टोनी म्हणजे अमेरिकी रंगभूमीचा सर्वोच्च सन्मान.) नाटकाचे एकूण १,५०८ प्रयोग झाले.

मग १९६९ मध्ये 'डिअर वर्ल्ड'साठी दुसरा टोनी, १९७५ मध्ये 'जिप्सी'साठी तिसरा. आणि १९७९ मध्ये सॉन्डहाइमचं 'स्वीनी टॉड'. गिऱ्हाइकांचे गळे चिरणारा न्हावी आणि त्या मांसाचं सारण भरून पदार्थ विकणारी मिसेस लव्हेट, अशी ही जोडी. विषय अंगावर काटा आणणारा, पण अँजेला यांच्या मिसेस लव्हेटला लोक पोट धरून हसले. हा चौथा टोनी. नाटकाच्या दौऱ्यातल्या प्रयोगाचं टीव्हीसाठी चित्रीकरण झालं, त्यामुळे हे काम आजही पाहता येतं. त्यांचं एकच काम पाहायचं असेल तर हे पाहावं.

या यशाने हॉलिवूडचं मत बदललं का? फारसं नाही. 'मेम'वर १९७४ मध्ये चित्रपट निघाला, तेव्हा ती भूमिका त्यांना न देता ल्युसिल बॉलला दिली गेली. चित्रपट पडला.

घरातलं वादळ

याच काळात घरी मात्र सगळं ठीक नव्हतं. दोन्ही मुलं किशोरवयात अमली पदार्थांच्या आहारी गेली होती. मुलीची ऊठबस तर चार्ल्स मॅन्सनच्या टोळक्यात होऊ लागली होती. हाच मॅन्सन पुढे हत्याकांडासाठी कुप्रसिद्ध झाला. १९७० मध्ये कॅलिफोर्नियातल्या वणव्यात त्यांचं मालिबूचं घर जळून गेलं. अँजेला आणि पती पीटर शॉ यांनी तिथे नवं घर बांधण्याऐवजी मुलांसह थेट आयर्लंडमधलं कॉर्क गाठलं. कारकिर्दीच्या ऐन भरात त्यांनी काम बाजूला ठेवलं आणि घर सांभाळलं. दोन्ही मुलं त्यातून बाहेर पडली. याबद्दल त्या पुढे मुलाखतींत मोकळेपणाने बोलल्या.

'मर्डर, शी रोट'ने काय बदललं?

१९८४ मध्ये सीबीएस वाहिनीवर एक मालिका सुरू झाली. नायिका जेसिका फ्लेचर: विधवा, निवृत्त इंग्रजी शिक्षिका, आता रहस्यकथा लिहिणारी. मेन राज्यातल्या 'कॅबट कोव्ह' या काल्पनिक गावात राहते, सायकलवरून फिरते आणि खुनांचा छडा लावते. (त्या एवढ्याशा गावात इतके खून कसे, हा विनोद अमेरिकेत आजही चालतो.) भूमिका आधी जीन स्टेपलटन यांना देऊ केली होती, त्यांनी नकार दिला. अँजेला यांनी ती घेतली तेव्हा त्या ५८ वर्षांच्या होत्या.

त्या काळात टीव्हीवर साठीकडे झुकलेली बाई म्हणजे कुणाची तरी आजी किंवा शेजारीण. जेसिका एकटी राहते, स्वतः कमावते, कुणाच्याही आधाराशिवाय गुन्हेगाराला समोर बसवते. जेसिकाचं कुणाशी तरी लग्न लावून द्यावं, या कल्पनेला अँजेला यांनी दाद दिली नाही. मालिका १२ हंगाम चालली, २६४ भाग झाले. नंतरच्या काळात त्या मालिकेच्या कार्यकारी निर्मात्याही झाल्या. हाती सूत्रं आल्यावर त्यांनी हॉलिवूडने विसरलेल्या जुन्या कलाकारांना आवर्जून भूमिका दिल्या. अमेरिकेत कलाकारांचा आरोग्य विमा त्यांच्या संघटनेमार्फत मिळतो आणि तो टिकवायला काम मिळत राहावं लागतं. त्यामुळे एका भागातली छोटी भूमिकाही कुणासाठी मोठा आधार असायची.

१९९५ मध्ये वाहिनीने मालिका रविवारवरून गुरुवारी हलवली, थेट 'फ्रेंड्स'समोर. तरुण प्रेक्षक हवा होता. प्रेक्षकसंख्या घसरली आणि १९९६ मध्ये मालिका संपली. या भूमिकेसाठी त्यांना सलग १२ वर्षं एमी पुरस्काराचं नामांकन मिळालं. पुरस्कार एकदाही नाही. आयुष्यभरात एकूण १८ नामांकनं आणि एमी शून्य.

आजची पिढी त्यांना कशामुळे ओळखते?

किटलीमुळे! डिस्नेच्या १९९१ मधल्या 'ब्यूटी अँड द बीस्ट'मधली चहाची किटली मिसेस पॉट्स म्हणजे अँजेला यांचा आवाज. शीर्षकगीत आपल्या आवाजाला शोभणार नाही, दुसऱ्या कुणाकडून गाऊन घ्या, असं त्यांचं म्हणणं होतं. शेवटी एकदा म्हणून तर बघा, या आग्रहाखातर त्या गायल्या आणि तोच टेक चित्रपटात राहिला. गाण्याला ऑस्कर मिळालं. २०१६ मध्ये, चित्रपटाला २५ वर्षं झाली म्हणून न्यूयॉर्कमध्ये झालेल्या कार्यक्रमात त्यांनी ते पुन्हा गायलं. वय ९०. तो व्हिडिओ अजूनही फिरत असतो.

उतारवयात काय केलं?

पती आजारी पडल्यावर 'द व्हिजिट' हे नवं म्युझिकल त्यांनी सोडलं. ५० हून अधिक वर्षांची साथ २००३ मध्ये संपली. त्यानंतर त्या पुन्हा रंगमंचाकडे वळल्या. २००९ मध्ये 'ब्लाइद स्पिरिट'मधल्या मृतात्म्यांशी बोलणाऱ्या मादाम आर्काटीच्या भूमिकेसाठी ८३ व्या वर्षी पाचवा टोनी. हेच नाटक घेऊन त्या २०१४ मध्ये लंडनला गेल्या. जन्मगावी जवळजवळ ४० वर्षांनी रंगमंचावर. त्या कामासाठी २०१५ मध्ये ब्रिटिश रंगभूमीचा ऑलिव्हिए पुरस्कार मिळाला. ८९ व्या वर्षी, आणि तोही पहिलाच. दरम्यान २०१३ मध्ये मानद ऑस्कर आणि २०१४ मध्ये ब्रिटनचा 'डेम' हा किताब मिळाला होता. २०२२ मध्ये जीवनगौरव टोनीही आला.

११ ऑक्टोबर २०२२ रोजी लॉस एंजेलिसच्या घरी, झोपेतच त्यांचं निधन झालं. ९७ वा वाढदिवस पाच दिवसांवर होता. त्यांची शेवटची भूमिका त्यानंतर पडद्यावर आली: 'ग्लास अनियन' या रहस्यपटात, काही क्षणांसाठी, अँजेला लॅन्सबरी म्हणूनच. चित्रपटातला गुप्तहेर बाथटबमध्ये बसून मित्रांसोबत ऑनलाइन गेम खेळतोय, असा तो प्रसंग. त्या मित्रांपैकी एक अँजेला आणि दुसरे स्टीफन सॉन्डहाइम, १९६४ मध्ये नऊ प्रयोगांत बंद पडलेल्या त्या नाटकाचे संगीतकार. सॉन्डहाइम नोव्हेंबर २०२१ मध्येच गेले होते.