बाबूराव पेंटर : तलवारीपासून सावकारी पाशापर्यंत

पडद्यावर घोडे उधळले, तलवारी खणखणल्या की आपण सारेच सावरून बसतो. महाराष्ट्रात अशा पराक्रमी चित्रपटांना ज्यांनी वैभव आणले, त्यांत कोल्हापूरचे बाबूराव पेंटर हे अग्रणी होत. रनाळ्याहून पाहिले तर कोल्हापूर महाराष्ट्राच्या दुसऱ्या टोकाला. पण त्यांच्या चरित्रातला प्रश्न आपल्याही दाराशी येऊन थांबतो.

त्यांचा जन्म १८९० चा, मूळ आडनाव मिस्त्री. नाटकांचे पडदे रंगविता रंगविता ही 'पेंटर' पदवी त्यांना चिकटली. दादासाहेब फाळक्यांचा 'राजा हरिश्चंद्र' १९१३ मध्ये आला, आणि आपणही चित्रपट काढावा असे बाबूराव व त्यांचे बंधू आनंदराव यांच्या मनाने घेतले. कॅमेरा आणायचा कोठून? त्यांनी तो स्वतःच घडवायला घेतला. १९१६ मध्ये आनंदराव वारले. तरी बाबूरावांनी काम सोडले नाही. दामल्यांच्या साहाय्याने कॅमेरा पुरा केला. गायिका तानीबाई कागलकर यांनी भांडवल दिले आणि महाराष्ट्र फिल्म कंपनी उभी राहिली. यंत्र आपले, कारखाना आपला, माणसे आपली. याहून स्वतंत्र दिग्दर्शक तो कोणता असावा?

१९२० मध्ये 'सैरंध्री' आला. त्यातला कीचकवध इतका हुबेहूब वठला की परीक्षकांनी तो प्रसंग कापावयास लावला. १९२३ च्या 'सिंहगड'मध्ये कृत्रिम प्रकाश योजून त्यांनी रात्रीचे प्रसंग टिपले. त्यात शेलारमामा झालेला तरुण म्हणजे पुढचे व्ही. शांताराम.

यशाची वाट सापडली होती. तीच धरून चालणे सोपे होते. पण १९२५ मध्ये त्यांनी 'सावकारी पाश' काढला. त्यात गड नाही, शिलेदार नाही. कर्जापायी जमीन गमावून शहराची वाट धरणारा एक शेतकरी आहे. हे दुःख खानदेशाला का नवे आहे? तरीही प्रेक्षकांनी त्या चित्राकडे पाठ फिरविली, आणि बाबूरावांना पुन्हा पोशाखी चित्रांकडे वळावे लागले.

१९२९ मध्ये दामले, फत्तेलाल, धायबर आणि शांताराम हे त्यांचे शिष्य बाहेर पडले व 'प्रभात' निघाली. पुढे थोड्याच वर्षांत मूळ कंपनी बंद पडली. बाबूरावांनी मात्र हट्ट सोडला नाही : १९३६ मध्ये तोच 'सावकारी पाश' त्यांनी बोलपट म्हणून पुन्हा काढला. १९५४ मध्ये ते निवर्तले. त्यांचे ते शेतकऱ्याचे चित्र आज भारतीय वास्तववादी चित्रपटाचा आरंभ म्हणून गौरविले जाते.

तात्पर्य काय? कॅमेरा घरी घडविता येतो, भांडवल उभे करता येते; प्रेक्षक मात्र कारखान्यात घडत नाही. कलावंताच्या स्वातंत्र्याचा शेवटचा वाटा तिकीट काढणाऱ्याच्या हातात असतो. तलवारीला टाळी अवश्य द्यावी. पण कोणी आपलेच दुःख पडद्यावर मांडू लागला, तर त्याच्यासाठीही चार घटका बसावे. ते ऋण आपले आहे.