एक पान तू, एक पान मी

मुलाच्या हातात गोष्टीचं पुस्तक, आणि आईला मात्र वाचता येत नाही. केरळातही कित्येक घरांत असंच होतं. पी. एन. पणिक्कर यांनी १९४५ साली त्रावणकोरात वाचनालयांचा संघ उभारला. १९८१ साली मल्याळम बालपुस्तकं काढणारी सरकारी संस्था निघाली. पुस्तकं आली, पण बऱ्याच आया मागेच राहिल्या. मग साक्षरता मोहिमेत त्यांनी अक्षरं गिरवली. १८ एप्रिल १९९१ रोजी कोझिकोडला केरळ पूर्ण साक्षर झाल्याची घोषणा झाली. ती केली नव्यानं वाचायला शिकलेल्या चेलक्कोडन आयेशाबाईंनी! अक्षर आलं की आई मुलाशेजारी बसून तीच गोष्ट वाचते. अडलं तर मूल सांगतं. त्यात लाज कसली? आज रात्री तुम्हीही म्हणा, "बाळा, एक पान तू वाच, एक मी वाचते."