इकारसचे पंख आणि मुक्तिबोधांचा पक्षी

ग्रीक पुराणकथेतील इकारस मेणाने जोडलेल्या पंखांनी उडतो, सूर्याच्या फार जवळ जातो आणि समुद्रात कोसळतो. महत्त्वाकांक्षेच्या अतिरेकाची बोधकथा म्हणून ती सर्वपरिचित आहे. मात्र रोमन कवी ओव्हिडच्या कथनात डिडॅलस मुलाला दुहेरी इशारा देतो: फार उंच गेल्यास मेण वितळेल, फार खाली राहिल्यास पाण्याने पंख जड होतील. परंपरेने यातील पहिला इशारा तेवढा लक्षात ठेवला.

दुसऱ्या इशाऱ्याची कथा जणू रायपूरच्या पश्चिमेस सुमारे ७० किलोमीटरवरील राजनांदगावच्या लेखकाने लिहिली. गजानन माधव मुक्तिबोध (१९१७–१९६४) मराठी घरातले, पण हिंदीचे कवी; त्यांचे बंधू शरच्चंद्र मराठीतील कवी-समीक्षक. गजानन १९५८ पासून राजनांदगावच्या दिग्विजय महाविद्यालयात अध्यापन करीत होते. त्यांच्या ‘पक्षी और दीमक’ या कथेतील तरुण पक्षी एकेक पीस देऊन गाडीवाल्याकडून वाळवी घेतो. उडणे अशक्य झाल्यावर तो वाळवी गोळा करून पिसे परत मागतो. गाडीवाला पिसे घेऊन वाळवी देतो, वाळवी घेऊन पिसे नव्हे. अखेर मांजर पक्ष्याला तोंडात धरून नेते. इकारसला उंचीच्या मोहाने मारले, या पक्ष्याला सुखसोयीच्या.

मुक्तिबोधांच्या लेखनावर मणी कौल यांनी १९८० मध्ये ‘सतह से उठता आदमी’ हा प्रयोगशील चित्रपट केला. त्याचे नाव मुक्तिबोधांच्याच एका कथेवरून आले आहे. त्या कथेत ‘वर उठणे’ म्हणजे दारिद्र्यातून सुस्थितीत जाणे. त्या उन्नतीत माणूस काय गमावतो, हा तिचा प्रश्न आहे. कौल यांनी कथानकाची सलगता मोडून कविता, निबंध व कथांतील उतारे एकत्र आणले. चित्रपट कारखान्यात शिरतो तेव्हा कथनाची जागा निखळ दृश्यनोंद घेऊ लागते. परिणामी नायकाच्या उत्थानाचा वा पतनाचा नाट्यपूर्ण क्षण प्रेक्षकाला मिळत नाही. निर्णय त्यालाच करावा लागतो.

ज्या मध्य प्रदेश शासनाने १९६२ मध्ये मुक्तिबोधांच्या इतिहासविषयक पाठ्यपुस्तकावर बंदी घातली होती, त्याच राज्याच्या साहाय्याने हा चित्रपट निर्माण झाला. हा केवळ योगायोगाचा भाग नव्हे. लेखक हयात असताना त्याचे पंख सत्तेला खुपतात. तो गेल्यावर तीच सत्ता त्यांचे जतन करते. मुक्तिबोधांनी आपली पिसे विकली नव्हती, म्हणूनच जतन करण्याजोगे काही उरले होते.