पडदे रंगविणारा हात

आपल्या जिल्ह्यातला मुलगा 'सिनेमात जातो' म्हणाला, की घरची माणसे प्रथम विचारतात, 'तेथे करणार काय?' 'पडेल ते', असे उत्तर आले की त्यास धरसोड्या ठरवून मोकळी होतात. शेगाव-मलकापुराहून आगगाडी थेट मुंबईस जाते, ही काळजी आणखी निराळीच! पण पडेल ते करणे हा खरोखरच दोष आहे काय? विष्णुपंत दामले यांच्या चरित्रावरून हा प्रश्न तपासून पाहावा, असे आम्हांस वाटते.

दामले १८९२ साली पेणला जन्मले. कोल्हापुरास आनंदराव व बाबूराव पेंटर नाटक मंडळ्यांचे पडदे रंगवीत. त्यांच्या हाताखाली दामल्यांनी उमेदवारी केली. दरबार, अरण्य, राजमार्ग हे पडदे रंगवावयाचे दिवसा, पण पाहिले जावयाचे रात्री, दिव्यांच्या उजेडात. पिवळट उजेडात फिका पिवळा पांढरा भासतो आणि निळा काळवंडतो. तेव्हा रंग लावावयाचा तो दिव्याचा विचार करून. पुढे मूकपटांच्या काळी फिल्मवर तांबडा रंग जवळजवळ काळाच उमटे. ज्यास उजेडाप्रमाणे रंग बदलतो हे ठाऊक होते, त्यास कॅमेरा परका कसा वाटावा? धंदा बदलला असे आपण म्हणतो. आमच्या मते येथे हत्यार तेवढे बदलले.

आनंदराव १९१६ साली वारले. बाबूरावांनी महाराष्ट्र फिल्म कंपनी काढली, १९२० साली 'सैरंध्री' दाखविला. तेथे शिकलेले दामले आणि फत्तेलाल १९२९ साली शांताराम, धायबर व कुलकर्णी यांच्यासह 'प्रभात'चे भागीदार झाले. बोलपट आला तेव्हा दामले चाळिशीला टेकलेले. त्या वयात माणूस नवे शिकण्यास कुरकुरतो. यांनी १९३२ च्या 'अयोध्येचा राजा'चे ध्वनिलेखन अंगावर घेतले! आणि १९३६ साली फत्तेलालांसह 'संत तुकाराम' दिग्दर्शित केला. शेगावची पालखी पंढरीस निघताना पाहणाऱ्या आपणांस त्यातले भजन वेगळे समजावून सांगावयास नको. हा चित्रपट १९३७ साली व्हेनिसच्या महोत्सवात गौरविला गेला.

मात्र उमेदवारीची वर्षे वगळून हे चरित्र वाचू नये. ती वगळली तर घरच्यांची शंका खरी ठरेल.

आपल्या गावांतही मंडप घालणारा, कर्णे बांधणारा आणि दिवे सांभाळणारा पुष्कळदा एकच असतो. त्याला 'मंडपवाला' म्हणून आपण निकालात काढतो. निमंत्रणपत्रिकेवर वक्त्याचे नाव असते, अध्यक्षांचे असते. याचे कधी छापलेले आम्ही तरी पाहिले नाही.

दामले १९४५ साली निवर्तले. पुण्यातील 'प्रभात'च्या जागेत १९६० साली सरकारी चित्रपटसंस्था निघाली. तेथे छायालेखन, ध्वनी, दिग्दर्शन यांचे वर्ग वेगवेगळे आहेत. दामल्यांनी प्रवेशासाठी अर्ज केला असता, तर त्यांस कोणत्या वर्गात बसविले असते?