केबलने फोनमधले फोटो कम्प्युटरवर कसे घ्यायचे? आधी कॉपी, मग तपासणी, मगच डिलीट

‘स्टोरेज फुल’ असा मेसेज आला की आपण काय करतो? केबल लावतो, फोटो कम्प्युटरवर टाकतो आणि फोन रिकामा करतो. मीही एकदा तेच केलं. ताईच्या लग्नाचे फोटो घाईघाईत ‘कट’ करून लॅपटॉपवर ‘पेस्ट’ केले. काम चालू असतानाच केबल हलली आणि कनेक्शन तुटलं. नंतर बघितलं तर काही फोटो अर्धेच उघडत होते, खाली नुसता करडा पट्टा. फोनमध्येही ते उरले नव्हते. तेव्हापासून मी ‘कट’ हा पर्याय वापरतच नाही. म्हणून आज हे काम नीट कसं करायचं ते पाहू.

केबल लावली तरी फोन दिसत नाही?

सगळ्यात आधी केबल तपासा. काही स्वस्त केबल्समध्ये फक्त चार्जिंगच्या तारा असतात, डेटाच्या नसतातच. अशा केबलने फोन चार्ज होईल, पण फाइल्स कधीच दिसणार नाहीत. फोनसोबत आलेली केबल किंवा डेटा केबल म्हणून विकली जाणारी केबल घ्या.

केबल ठीक असेल तर अँड्रॉइड फोनवर हे करा:

१. फोन अनलॉक करा.
२. वरून नोटिफिकेशन खाली ओढा. तिथे यूएसबीने चार्जिंग चालू असल्याची सूचना दिसेल, तिच्यावर टॅप करा.
३. ‘फाइल ट्रान्सफर’ निवडा.
४. विंडोजमध्ये ‘धिस पीसी’ उघडा. तिथे फोनचं नाव दिसेल.

फोन आधी फक्त चार्जिंगवरच का असतो? सुरक्षेसाठी. आपण परवानगी दिल्याशिवाय अनोळखी कम्प्युटरला फाइल्स मिळू नयेत म्हणून. सायबर कॅफेत किंवा झेरॉक्सच्या दुकानात प्रिंट काढायची असेल तर अख्खा फोन जोडण्यापेक्षा तेवढीच फाइल पेन ड्राइव्हवर नेलेली बरी.

फोन म्हणजे पेन ड्राइव्ह नव्हे

पेन ड्राइव्ह लावला की त्याचा ताबा कम्प्युटरकडे जातो. आजचे अँड्रॉइड फोन मात्र एमटीपी, म्हणजे मीडिया ट्रान्सफर प्रोटोकॉल वापरतात. यात ताबा फोनकडेच राहतो. कम्प्युटर एकेक फाइल मागतो आणि फोन ती देतो. त्यामुळे हजारो फोटोंचा फोल्डर उघडायला वेळ लागतो. अशा वेळी ‘हँग झालं’ म्हणून केबल ओढू नका, थोडा धीर धरा.

कोणता फोल्डर कॉपी करायचा?

कॅमेऱ्याचे फोटो आणि व्हिडिओ ‘डीसीआयएम’ या फोल्डरमध्ये असतात. व्हॉट्सअ‍ॅपचे फोटो तिथे सापडत नाहीत. नव्या फोनमध्ये ते ‘अँड्रॉइड’ फोल्डरमधल्या ‘मीडिया’ फोल्डरच्या आत असतात. डाउनलोड केलेल्या पीडीएफ ‘डाउनलोड’ फोल्डरमध्ये मिळतील.

आयफोनवाल्यांनी केबल लावल्यावर ‘ट्रस्ट’वर टॅप करून पासकोड टाकायचा. विंडोजच्या ‘धिस पीसी’मध्ये आयफोनचे फक्त फोटो आणि व्हिडिओ दिसतात, बाकीच्या फाइल्स नाहीत. आणि हो, आयक्लाउडवर ‘ऑप्टिमाइझ स्टोरेज’ चालू असेल तर काही मूळ फोटो फोनमध्ये नसतातच, मग ते केबलने येणार कुठून?

वेळ किती लागेल?

यूएसबी २.० चा कमाल वेग सेकंदाला ४८० मेगाबिट, म्हणजे ६० मेगाबाइट. प्रत्यक्षात तो बराच कमी मिळतो. सेकंदाला ३५ मेगाबाइट धरले तर १० जीबीला साधारण पाच मिनिटं लागतात. यूएसबी ३.० चा कागदावरचा वेग ५ गिगाबिट आहे, पण त्यासाठी फोन, केबल आणि पोर्ट तिन्ही तसे हवेत. टाइप-सी म्हणजे वेगवान असंही नाही. २०२३ मध्ये आलेल्या आयफोन १५ ला टाइप-सी पोर्ट आहे, पण वेग यूएसबी २.० चाच!

माझा नियम

१. फोल्डर ‘कॉपी’ करा, ‘कट’ नको.
२. काम संपेपर्यंत फोन टेबलावर ठेवा, हातात घेऊन रील्स बघत बसू नका.
३. दोन्हीकडच्या फोल्डरवर राइट क्लिक करून ‘प्रॉपर्टीज’मध्ये फाइल्सची संख्या आणि साइज जुळते का पाहा.
४. काही फोटो आणि मोठे व्हिडिओ प्रत्यक्ष उघडून बघा.
५. महत्त्वाचे फोटो आणखी एका ठिकाणी ठेवा, म्हणजे हार्ड डिस्कवर किंवा पेन ड्राइव्हवर.
६. एवढं झाल्यावरच फोनमधून डिलीट करा.

या सगळ्याला दहा मिनिटं जास्त लागतील. पण गेलेला फोटो पुन्हा काढता येत नाही मित्रांनो. ताईच्या लग्नातले ते फोटो मला आजही मिळालेले नाहीत.