आईची भूमिका

मंडळाचे नाटक बसवायचे ठरले की आईची भूमिका घ्यायला कोणी भगिनी चटकन पुढे येत नाही. म्हणून कतिना पाक्सिनू या ग्रीक नटीची हकीकत सांगावीशी वाटते. प्रौढ बायांच्या व आयांच्या भूमिकांनीच तिचे नाव जगभर झाले.

तिचा जन्म १९०० साली अथेन्सजवळच्या पायरियस बंदरात झाला. जिनिव्हात गाणे शिकून ती १९२० साली प्रथम संगीतिकेत उभी राहिली. गद्य नाटकाकडे ती १९२९ च्या सुमारास वळली, तेव्हा ती दोन मुलींची आई होती. पुढे ती अथेन्सच्या राष्ट्रीय नाट्यगृहात मोठमोठी कामे करू लागली. १९३८ साली एपिडॉरस येथील दोन हजार वर्षांहून जुन्या, उघड्या दगडी नाट्यगृहात सोफोक्लीसच्या नाटकातील इलेक्ट्रा तिने केली. प्राचीन काळी ग्रीक नाटकांतील स्त्रियांची कामे पुरुषच मुखवटे घालून करीत. या नाट्यगृहात हजारो माणसे बसतात आणि शब्द अगदी वरच्या पायरीपर्यंत पोचवावा लागतो. गाण्याची तालीम तिथे नक्कीच कामी आली असेल.

दुसऱ्या महायुद्धात ती इंग्लंडात अडकली व तिथून अमेरिकेला गेली. १९४१ मध्ये जर्मनांनी ग्रीस जिंकला आणि परतीची वाट बंद झाली. अशा वेळी परक्या भाषेत तिने पहिला बोलपट केला, 'फॉर हूम द बेल टोल्स'. स्पेनच्या यादवीत डोंगरात लढणारी पिलार ही करारी बाई तिने त्यात रंगवली. १९४४ साली तिला ऑस्कर पारितोषिक मिळाले. ते स्वीकारताना तिला आठवण झाली ती अथेन्सच्या रंगभूमीवरील सहकाऱ्यांची. हयात असोत वा नसोत, त्या सर्वांच्या वतीने तिने ते घेतले. मायदेश तेव्हा शत्रूच्या टाचेखाली होता. कोण जगले, कोण गेले, हे दूर बसून कसे कळावे?

एवढी कीर्ती मिळूनही पुढे ती ग्रीसला परतली. १९५५ साली एपिडॉरसला तिने हेक्युबा केली. ट्रॉयची ही राणी युद्धात मुलेबाळे गमावते. १९६० साली व्हिस्कोन्ती यांच्या इटालियन बोलपटात ती मिलान शहरी आलेली, पाच मुलग्यांची विधवा आई झाली. १९७३ साली अथेन्समध्ये ती वारली.

आईची भूमिका दुय्यम नसते, भगिनींनो. पुढच्या नाटकात ती मागून घ्यावी.